मी पासवर्ड विसरलो नव्हतो

सुरुवातीलाच एक गोष्ट स्पष्ट करून टाकतो, कारण नंतर कुणी ऐकून घेत नाही असा माझा अनुभव आहे. मी पासवर्ड विसरलो नव्हतो. त्या आठवड्यात ज्यांनी ज्यांनी मला "विसरलात ना?" असं विचारलं, त्या प्रत्येकाला मी हेच सांगितलं. आणि प्रत्येकाने माझ्याकडे, कपाळावर चष्मा ठेवून घरभर चष्मा शोधणाऱ्या माणसाकडे बघावं तसं बघितलं.

लॅपटॉप बायकोचा. बायको शाळेत गणित शिकवते आणि गेली तीन वर्षं ती गणिताला घाबरणाऱ्या मुलांसाठी एक पुस्तक लिहीत होती. कधी? तर शाळेतून आल्यावर, स्वयंपाक आटोपल्यावर आणि मी टीव्हीचा आवाज कमी केल्यावर. पुस्तक पूर्ण झालं होतं. शनिवारी दुपारी बारापर्यंत ते प्रकाशकाकडे पोहोचायला हवं होतं. नाही पोहोचलं तर त्या जागी तिच्याच शाळेतल्या दुसऱ्या एका सरांचं पुस्तक घेणार होते. या सरांना मुलांची भीती घालवण्यापेक्षा ती वाढवण्यात जास्त रस आहे, असं बायकोचं मत.

सोमवारी सकाळी ती पाच दिवसांच्या प्रशिक्षणासाठी परगावी निघाली. दारात चपला घालताना म्हणाली, "शुक्रवारी संध्याकाळी येते. शेवटचा धडा एकदा वाचून शनिवारी सकाळी पाठवते. तोवर त्याला हात लावू नका."

"त्याला" म्हणजे लॅपटॉपला. मी म्हणालो, "तू निर्धास्त जा. माझ्याकडे सुरक्षित आहे." एवढं बोलून मी थांबलो असतो तर पुढचं काहीच घडलं नसतं.

पण मी पाणीपुरवठा कार्यालयाच्या तक्रार विभागात वरिष्ठ सहायक आहे, आणि नुकतंच माझं संगणक सुरक्षेचं दोन दिवसांचं प्रशिक्षण झालं होतं. शेवटी परीक्षा होती. त्यात मी तिसरा आलो. (पाच जण होतो, पण ते महत्त्वाचं नाही.) प्रमाणपत्र मिळालं, कार्यालयाचा सुरक्षा समन्वयक म्हणून माझं नाव लागलं, आणि तेव्हापासून कुणी आपला संगणक उघडा ठेवून चहाला गेलं की तो बंद करायचा अधिकार मला प्राप्त झाला. तिथे शिकवणारे गृहस्थ म्हणाले होते, "आपण सुरू झाल्यावर जो पासवर्ड टाकतो ती झाली खोलीची कडी. खरं कुलूप बायोसला, यंत्राच्या मुळाशी असलेल्या प्रोग्रॅमला. म्हणजे यंत्र जागं होण्याआधीच पासवर्ड विचारणार. चोर दारातूनच परत." हे मला फार पटलं होतं. त्यांनी असंही सांगितलं होतं की कागद हा सर्वांत मोठा धोका. म्हणून घरी आल्या आल्या मी लॅपटॉपचं बिल आणि डिस्कच्या कुलपाची अठ्ठेचाळीस आकडी आपत्कालीन किल्ली, दोन्हींचा फोटो काढून तो लॅपटॉपमध्ये ठेवला, फोनमधून पुसला आणि मूळ कागदांचे बारीक तुकडे केले. पुस्तकाची दुसरी प्रत कुठेही न ठेवण्याचा सल्लाही माझाच. प्रत म्हणजे चोराला आमंत्रण, असं मी जेवताना सांगितलं होतं. बायकोने तेव्हा फक्त भाजी वाढली.

तर सोमवारी ती गेल्यावर मी बायोसला पासवर्ड घातला. लॅपटॉपची बटणं माझ्या बोटांना बारीक पडतात, म्हणून मी बायकोचा जुना, जाडजूड कीबोर्ड जोडला. उजवीकडे आकड्यांचा वेगळा चौकोन असल्यामुळे ती तोच वापरते. या कीबोर्डबद्दल तिने मागे एकदा काहीतरी सांगितलंही होतं, आणि मी "हं" म्हणालो होतो. पासवर्डसाठी मी आमच्या लग्नाची तारीख निवडली. सतरा जुलै एकोणीसशे सत्त्याण्णव. आठ आकडे: १७०७१९९७. एकेक बटण शोधून, खाली बघून, नीट दाबलं. खात्रीसाठी पुन्हा टाका म्हणालं, पुन्हा टाकलं. मान्य झालं. पडद्यावर नुसते ठिपके दिसत होते. ते मोजायचे असतात हे प्रशिक्षणात आलं नव्हतं. मग कीबोर्ड पुसला, खोक्यात घातला, माळ्यावर टाकला आणि हात झटकले.

मंगळवारी कामावर निघताना सहज वाटलं, एकदा उघडून बघावं. लॅपटॉप सुरू केला. पासवर्ड मागितला. तारीख टाकली. चुकीचा पासवर्ड.

पुन्हा टाकली. चुकीचा. तिसऱ्यांदा, आकडे मोठ्याने म्हणत टाकली. यंत्राने पडद्यावर एक लांबलचक क्रमांक दाखवला, आपण थांबत आहोत असं जाहीर केलं आणि खरंच थांबलं. त्या दिवशी कार्यालयात माझं लक्ष कुठेच लागेना. तीन दिवस नळाला पाणी नाही या तक्रारीवर मी "कृपया पुन्हा प्रयत्न करावा" असा शेरा मारला आणि साहेबांनी त्यावर सहीसुद्धा केली.

संध्याकाळी कंपनीच्या मदत केंद्राला फोन लावला. अर्धा तास वाजंत्री ऐकवल्यावर एक माणूस आला.

"पासवर्ड विसरलात का सर?"

"विसरलो नाही. आठवतोय. पण चालत नाही."

"म्हणजे विसरलात. काही हरकत नाही. खरेदीचं बिल पाठवा."

"बिल लॅपटॉपमध्ये आहे."

"मग लॅपटॉप उघडून पाठवा."

मी परिस्थिती समजावून सांगितली. त्याने ती शांतपणे ऐकली आणि म्हणाला की मग नोंदणी केलेल्या मोबाइलवर एक कोड पाठवतो, तो सांगा. मी हो म्हणालो. नोंदणी बायकोच्या नावावर होती, हे बायकोचा फोन आला तेव्हा माझ्या लक्षात आलं.

"अहो, मला कसला तरी कोड आलाय. लॅपटॉपच्या कंपनीचा."

"हो का? किती आहे?"

"सांगणार नाही."

"अगं, मला सांगायला काय हरकत आहे?"

"तुम्हीच म्हणालात ना, कुणालाही सांगायचा नाही, प्रत्यक्ष नवऱ्याने मागितला तरी. मी पुसूनही टाकला. बरोबर केलं ना?"

"अगदी बरोबर," मी म्हणालो. दुसरं काय म्हणणार? तिने विचारलं, "लॅपटॉप ठीक आहे ना?" मी म्हणालो, "जिथे ठेवलास तिथेच आहे." हे शब्दशः खरं होतं.

बुधवारी वरच्या मजल्यावरचे काका खाली आले. काका निवृत्त आहेत आणि इमारतीत कुणाचंही काहीही बिघडलं की त्यांना जिन्यातच वास लागतो. त्यांनी लॅपटॉपकडे बघून पहिला प्रश्न विचारला, "पासवर्ड काय ठेवला होतात?"

"लग्नाची तारीख."

"कुठली?"

"म्हणजे काय कुठली? माझं एकदाच लग्न झालंय."

"तसं नव्हे हो," काका समजुतीच्या सुरात म्हणाले, "तारीख नक्की आठवते का तुम्हाला? माझी मी वीस वर्षं चुकीचीच धरून चाललो होतो. हिने कधी सांगितलं नाही. वाट बघत होती."

काका हे बोलले आणि माझ्या मनात किडा सोडून गेले. सतरा की अठरा? हॉलवाल्याने एक दिवस पुढे ढकलल्याचं काहीतरी झालं होतं. मी अल्बम शोधला, पण फोटोंवर तारीख नव्हती. पत्रिका मीच फाडली होती, कारण कागद म्हणजे धोका. बायकोला विचारणं शक्यच नव्हतं. सत्तावीस वर्षांच्या संसारानंतर आपलं लग्न कधी झालं हे बायकोला फोन करून विचारायला जे धैर्य लागतं, ते माझ्या घराण्यात नाही. म्हणून मी थोरल्या बहिणीला फोन केला.

"ताई, माझं लग्न कधी झालं गं?"

पलीकडून एकदम हळू आवाजात, "का रे? काय झालं? वकिलाने विचारलंय का?"

"वकील कुठला! सहज विचारतोय."

"सहज कुणी असं विचारत नाही. ती कुठे आहे?"

"परगावी गेलीय."

"कधीपासून?" ताईचा आवाज आता रडवेला झाला होता. तारीख तिलाही आठवेना. तेव्हा पावसाने तिची नवी साडी भिजली होती एवढं मात्र तिला पक्कं आठवत होतं. मी कशीबशी समजूत घालून फोन ठेवला. तासाभरात बायकोचा फोन. "ताईंचा फोन आला होता. आपलं ठीक चाललंय ना, असं विचारत होत्या. ठीक चाललंय ना?"

मी अठरा टाकून बघितली. महिना आधी, दिवस नंतर टाकून बघितला. वर्ष पुढे घेतलं. दर तीन चुकांनंतर यंत्र रुसायचं, मी ते बंद करायचो, खोलीत चार फेऱ्या मारायचो आणि पुन्हा सुरू करायचो. तोवर काका वरून स्क्रूड्रायव्हर घेऊन आले होते. त्यांचं म्हणणं, आत घड्याळाचा एक गोल सेल असतो, तो काढून दहा मिनिटांनी बसवला की यंत्र सगळं विसरतं. मी नको नको म्हणेपर्यंत त्यांनी झाकण उघडलं होतं. सेल निघाला, दहा मिनिटं गेली, सेल बसला. यंत्र सुरू झालं. तारीख, वार, वर्ष सगळं विसरलं होतं. पासवर्ड तेवढा पक्का लक्षात होता. शिवाय झाकणाचा एक स्क्रू उरला. काका म्हणाले, "एखादा जास्तीचा असतोच."

गुरुवारी मी आजारी असल्याचं कळवून रजा टाकली. खोटं नव्हतं, रात्रीपासून डोकं ठणकत होतं. बाजाराच्या तळघरात लॅपटॉप दुरुस्त करणाऱ्या एक बाई बसतात, त्यांच्याकडे गेलो. छोटीशी खोली, टेबलावर दिवा, कपाळावर भिंग बांधलेलं. बाईंनी झाकण उघडलं, आधी उरलेल्या स्क्रूची जागा दाखवली, मग बोर्डवरचा तांदळाएवढा काळा चौकोन.

"ही चिप. पासवर्ड हिच्यात बसलाय. सेल काढून जाणार नाही. आतला प्रोग्रॅम बदलून तो काढता येतो, पण तुमची डिस्क बोर्डवरच जोडलेली आहे आणि तिलाही कुलूप आहे. प्रोग्रॅम बदललेला दिसला की डिस्क तुम्हाला ओळखणार नाही. आपत्कालीन किल्ली मागेल. अठ्ठेचाळीस आकडी. आहे?"

"लॅपटॉपमध्ये आहे."

बाईंनी भिंग वर केलं आणि माझ्याकडे नुसत्या डोळ्यांनी बघितलं. "आत महत्त्वाचं काही आहे का?"

"तीन वर्षांचं पुस्तक. एकच प्रत."

"मग चिपवर मी काही लिहिणार नाही. नुसतं वाचते." त्यांनी चिपला एक चिमटा लावला आणि आहे तशी नक्कल आपल्या संगणकात उतरवून घेतली. "हे मी आधी करतेच, कुणाचंही यंत्र असो. आता मालकाची सही आणा, मग पुढे काय करता येईल ते बघू. बिल कुणाच्या नावावर?"

"बायकोच्या. पण मी नवरा आहे."

"असाल. पण लॅपटॉप त्यांचा आहे. दर आठवड्याला चार जण दुसऱ्याचं यंत्र घेऊन येतात, सगळे आपणच नवरे, आपणच भाऊ. पासवर्ड विसरलात का?"

एका सुरक्षा समन्वयकाला चोरांच्या रांगेत उभं केलं गेलं होतं. मी लॅपटॉप बगलेत मारला आणि बाहेर पडलो. आज विचार करताना कळतं की त्या क्षणी मला रागापेक्षा सही मागायला बायकोला फोन करावा लागेल याची भीती जास्त होती. पण तेव्हा मी त्याला स्वाभिमान म्हणत होतो.

रस्त्याच्या पलीकडे पाटी होती: "कुठलाही पासवर्ड पाच मिनिटांत." इतक्या दिवसांत मला भेटलेलं हे पहिलं आत्मविश्वासाचं वाक्य. आतल्या माणसाने काहीही विचारलं नाही. बिल नाही, सही नाही, डिस्क नाही. मला ते इतकं आदराचं वाटलं की मी खुर्चीत टेकूनच बसलो. त्याने इंटरनेटवरून कुठलीशी फाइल उतरवली आणि म्हणाला, "याच मॉडेलची आहे. जवळजवळ."

"जवळजवळ म्हणजे?" मी विचारेपर्यंत त्याने बटण दाबलं होतं.

पाच मिनिटं खरोखरच लागली. पासवर्ड खरोखरच गेला. त्याच्याबरोबर पडदाही गेला. लॅपटॉपचा पंखा जोरात फिरू लागला, एक दिवा लुकलुकला, आणि पडदा काळा तो काळाच. त्या माणसाने दोनदा बंद-चालू केलं, थोडं हलवलं आणि म्हणाला, "मुळातच बोर्ड खराब होता."

"मुळातच तो चालत होता!"

"चालत होता तर इथे का आणलात?"

मी बाहेर येऊन फुटपाथवर उभा राहिलो. लोक जात-येत होते. हातातला लॅपटॉप अजून गरम होता. तिची तीन वर्षं. अपूर्णांकांचा धडा तिने सहा वेळा लिहिला होता, मला वाचून दाखवला होता, आणि सहाही वेळा मी "छान" म्हणालो होतो, बातम्यांवरची नजर न काढता. मला रडू येईल की काय असं वाटलं. पन्नाशी उलटलेल्या माणसाने भर रस्त्यात रडू नये म्हणून मी तिथेच इकडून तिकडे चालायला लागलो. मग पाय आपोआप तळघराकडे वळले, पण शटर खाली आलं होतं. त्यावर चिठ्ठी होती: उद्या अकरा वाजता.

शुक्रवारी साडेनऊलाच मी शटरसमोर उभा. बाई आल्या, माझ्या तोंडाकडे बघितलं आणि विचारलं, "पाच मिनिटं?"

मी मान हलवली.

"बसा."

त्यांनी काल घेतलेली नक्कल काढली, चिमटा लावला आणि चिपमध्ये जे होतं ते जसंच्या तसं परत घातलं. "आणलंत तेव्हा होतं तसं करून देतेय. त्याला सही लागत नाही." दोन तास लागले. मधल्या वेळात मी त्या खोलीत एवढ्या फेऱ्या मारल्या की बाई म्हणाल्या, "स्टुलावर बसा नाहीतर बाहेर थांबा, हात हलतोय माझा." मी बसलो. शेवटी त्यांनी बटण दाबलं. पंखा फिरला, थांबला, पडदा उजळला, आणि मधोमध तीच चौकट आली: पासवर्ड टाका.

जिने मला चार दिवस छळलं ती चौकट बघून मला इतका आनंद झाला की मी बाईंना नमस्कारच केला. त्या म्हणाल्या, "कुलूप अजून आहे बरं का. आता मालकाला सांगा."

संध्याकाळी बायको आली. हातातली पिशवीही खाली ठेवू न देता मी सगळं सांगितलं. क्रमाने सांगायचं ठरवलं होतं, पण आधी पाच मिनिटंवाला आला, मग काका, मग ताई, आणि सोमवार सगळ्यात शेवटी. ती ऐकत गेली. पुस्तकाशी आलो तेव्हा ती खुर्चीत बसली.

"एकच प्रत," ती म्हणाली.

"हो."

"तुमच्या सांगण्यावरून."

"हो."

भांडली असती तर बरं झालं असतं. ती नुसती त्या बंद लॅपटॉपवर हात ठेवून बसली. मी एवढा लहान उभ्या आयुष्यात झालो नव्हतो. मग मुलांना विचारते त्या आवाजात तिने विचारलं, "पासवर्ड काय घातला होता?"

पुस्तक गेलं होतंच, आता उरलेलंही जायची वेळ होती. "लग्नाची तारीख," मी म्हणालो. "सतरा जुलै सत्त्याण्णव." आणि डोळे मिटले.

"तारीख बरोबर आहे," ती म्हणाली.

मी डोळे उघडले. ती माझ्याकडे जरा विचित्र नजरेने बघत होती. मग तिच्या कपाळावर आठी पडली. "टाकला कशावरून? लॅपटॉपवरून की माझ्या कीबोर्डवरून?"

"तुझ्या. माळ्यावर ठेवलाय."

"आकडे उजवीकडच्या चौकोनातून दाबलेत की वरच्या ओळीतून?"

"वरच्या. का?"

ती उठली, स्टूल घेतलं, स्वतःच माळ्यावरून खोका काढला. "वर्षभर झालं, वरचा सात मेलाय. मी सांगितलं होतं तुम्हाला. तुम्ही 'हं' म्हणालात." कीबोर्ड जोडून तो माझ्यासमोर सरकवला. "टाका. सोमवारी टाकलीत तश्शीच."

मी तारीख टाकली. एक, सात, शून्य, सात, एक, नऊ, नऊ, सात. या वेळी पडद्याकडे बघत. आठ वेळा दाबलं, पाच ठिपके उमटले. आमच्या लग्नातले तिन्ही सात त्या कीबोर्डने गिळले होते. लॅपटॉप उघडला.

"मी विसरलो नव्हतो!" मी ओरडलो. इतका की वरून काकांनी विचारलं, "आठवला का हो?"

बायकोने लॅपटॉप आपल्याकडे ओढला. तिने आधी पुस्तकाच्या दोन प्रती करून दोन ठिकाणी ठेवल्या, मग पासवर्ड काढून टाकला, मग शेवटचा धडा उघडला. जेवण मी केलं. तिने खाल्लं, म्हणजे बऱ्यापैकी झालं असावं. शनिवारी दहा वाजून वीस मिनिटांनी पुस्तक गेलं. पाठवण्याआधी ती म्हणाली, "एक उदाहरण राहिलंय," आणि चार ओळी आणखी लिहिल्या. मी डोकावलो तर तिने पडदा झाकला.

पुस्तक छापून आलं तेव्हा मी ते उदाहरण वाचलं. शेवटच्या धड्यातलं शेवटचं. एका गृहस्थाने आठ आकडी पासवर्ड ठरवला, परंतु कीबोर्डवरील एक बटण बंद असल्याने त्यातले तीनच वेगवेगळे अंक उमटले, तर पासवर्ड किती अंकी झाला असू शकेल, असं काहीसं आहे. पुढे विचारलंय की गृहस्थाला कुलूप उघडण्यास चार दिवस लागले, तर किती वेळ वाचवता आला असता? उत्तर मागच्या पानावर: पत्नीला पहिल्याच दिवशी विचारले असते, तर दोन मिनिटे वगळता सर्व.

कार्यालयात सगळ्यांनी ते वाचलं. हसले. मी त्यांना हसू दिलं, आणि मग प्रत्येकाला उदाहरणातलं तिसरं वाक्य पुन्हा मोठ्याने वाचायला लावलं. गणित सोडवायला त्याचा काही उपयोग नाही. प्रकाशकाने ते काढायला सांगितलं होतं म्हणे, पण बायकोने नाही काढलं. वाक्य असं आहे: "गृहस्थाला तारीख मात्र अचूक आठवत होती."